विठाबाई भाऊ मांग नारायणगांवकर

एखाद्या मनुष्याविषयीं सर्वांना एकच गोष्ट ठाऊक असावी, आणि त्या एका गोष्टीखालीं तो मनुष्यच दडून जावा, असें कधीं कधीं घडतें. विठाबाई नारायणगांवकर हें नांव घेतलें कीं शहरांतल्या सुशिक्षित घरांत बहुधा एवढेंच आठवतें : दिवस भरले असतांना त्या फडावर उभ्या होत्या, खेळ रंगांत आला असतां कळा सुरू झाल्या, त्या पडद्यामागें गेल्या, तेथेंच प्रसूत झाल्या, दगडानें नाळ तोडली आणि पुन्हां प्रेक्षकांपुढें येऊन उभ्या राहिल्या. ही गोष्ट सर्वत्र सांगितली जाते आणि ती खोटी मानण्यास कारण नाहीं. तिचा शेवट मात्र पुष्कळदां सांगावयाचा राहून जातो. बाई परत आल्या त्या अगदीं निराळ्या दिसतात, हें पाहून लोक चमकले, विचारपूस झाली, आणि काय घडलें तें कळतांच प्रेक्षकांनींच खेळ थांबविला व त्यांना आदरानें विश्रांतीस पाठविलें. म्हणजे त्या रात्रीं माणुसकी दोन्ही बाजूंनीं होती.

परंतु, श्रोतेहो, मला आज बोलावयाचें आहे तें त्या दगडाविषयीं नव्हे. विठाबाई फडावर नेमकें काय करीत असत, तें करावयास काय लागे, आणि इतकें करून त्यांच्या हातीं काय राहिलें, हा माझा विषय आहे. त्यासाठीं आपल्याला पुणें जिल्ह्याच्या उत्तर भागांत, जुन्नर व आंबेगांव या दोन तालुक्यांत जावें लागेल.

जुन्नर म्हटलें म्हणजे आपणांस शिवनेरी आठवते. नाणेघाटांतील सातवाहनांचे शिलालेख आणि तेथला तो दगडी रांजण आठवतो. लेण्याद्रीचा आणि ओझरचा गणपति आठवतो. या मानाच्या यादींत नारायणगांवच्या राहुट्यांना कोणी जागा देत नाहीं. तमाशाच्या लोकांना विचाराल तर मात्र ते नारायणगांवला तमाशाची पंढरी म्हणतील. गुढीपाडव्याच्या आगेमागें पुणें–नाशिक रस्त्यानें तुम्ही गेलां, तर या गांवीं राहुट्यांची एक ओळच्या ओळ उभी दिसेल. प्रत्येक फडाची एक राहुटी. दर्शनी बाजूस रंगीत पाटी, आंत बैठक, आणि बैठकीवर फडाचा व्यवस्थापक वही घेऊन बसलेला. गांवोगांवचे पंच येथें येतात, या राहुटींतून त्या राहुटींत जातात, भाव करतात, आणि आपल्या यात्रेच्या रात्रीसाठीं फड ठरवून विसार देऊन जातात. याला 'सुपारी' म्हणतात. आंबेगांव तालुक्यांत नागापूरच्या थापलिंगाची यात्रा पौषी पौर्णिमेला भरते. पण अशा कांहीं यात्रा सोडल्या तर या मुलुखांतील बहुतेक गांवांचे देव चैत्र–वैशाखांतच जागे होतात. शेतें मोकळीं झालेलीं असतात, धान्य घरांत आलेलें असतें, आणि वर्गणी देतांना हात आखडत नाहीं.

हा बाजार नारायणगांवींच कां भरावा? एक कारण सरळ भूगोलाचें दिसतें. मीना नदीच्या कांठचें हें पेठेचें गांव मोठ्या रस्त्यावर आहे. पश्चिमेस घाटमाथा, पूर्वेस पारनेर-शिरूरचा कोरडा मुलूख, उत्तरेस संगमनेर. चारी बाजूंच्या पंचांना सकाळीं निघून सायंकाळीं घरीं परततां यावें असें ठिकाण. पण भूगोलानें गांवें होतात, पंढरी होत नाहीं. दुसरें कारण एका घराण्याचें आहे.

तें घराणें खुड्यांचें; मूळचें शिरूर तालुक्यांतील कवठे यमाईचें. नारायण खुडे यांनीं फड उभा केला. पुढें भाऊ आणि बापू या बंधूंनीं तो चालविला आणि इतका नांवारूपास आणला कीं 'भाऊ-बापू मांग नारायणगांवकर' हें जोडनांव महाराष्ट्रभर झालें. भाऊंची कन्या विठा. जन्म १९३५ सालचा, पंढरपूरचा. नांव कां पडलें तें निराळें सांगावयास नको. शाळेंत त्यांचा जीव रमला नाहीं. लावणी, गौळण, भेदिक हीं त्यांच्या कानीं घरांतच पडत होतीं, आणि ज्या वयांत इतर मुली पाटीवर अक्षरें गिरवितात त्या वयांत त्यांचें शिक्षण ढोलकीपुढें चाललें होतें.

पुढें त्यांचा स्वतःचा फड झाला, तेव्हां त्याच्या पाटीवर जें नांव लागलें तेंच मीं या भाषणाला दिलें आहे : विठाबाई भाऊ मांग नारायणगांवकर. या चार शब्दांपाशीं थोडें थांबणें जरूर आहे. पहिला शब्द बाईचा स्वतःचा. दुसरा बापाचा, नवऱ्याचा नव्हे. चौथा गांवाचा. आणि तिसरा जातीचा, तोही अस्पृश्य मानलेल्या जातीचा. त्या काळचा हिंदु समाज हें नांव दाराबाहेर उभें करीत असे. ज्या गांवांत फडाच्या ढोलकीवर सारा गांव रात्रभर डोलला, त्याच गांवच्या पाणवठ्यावर सकाळीं त्या ढोलकीवाल्याला वेगळें उभें राहावें लागे, हा अनुभव पुष्कळ कलावंतांच्या पिढ्यांनीं घेतला. असें असतां हातभर अक्षरांत तें नांव पाटीवर रंगवून घेणें आणि त्याच नांवावर तिकिटें विकणें, ही साधी गोष्ट नव्हती. शहरांतील कलावंत आडनांवें बदलीत असतां या घराण्यानें आपलें नांव बदललें नाहीं. त्यामागें हेतु काय होता तो मी सांगूं शकत नाहीं. पण तमाशाच्या बाजारांत त्या नांवाला पत होती एवढें खरें, आणि जी पत बापजाद्यांनीं मिळविली ती मुलगी कशाला सोडील?

आतां फडावरच्या कामाविषयीं. तमाशाचे मुख्य दोन प्रकार आहेत. संगीत बारी हा बैठकीचा. तींत गाणें आणि अदाकारी. ढोलकी-फड हा मैदानाचा. त्यांत गण, गौळण, बतावणी आणि शेवटीं वग. नारायणगांवकरांचा फड हा दुसऱ्या जातीचा. पूर्वीं या फडांत स्त्रियांचीं कामें 'नाच्या पोऱ्या' करी. एकोणिसाव्या शतकाच्या अखेरीस संगमनेर तालुक्यांतील हिवरगांवच्या पवळाबाई फडावर आल्या आणि शाहीर पठ्ठे बापूराव यांच्या जोडीनें गाजल्या, तेथपासून बाईनें बाईचें काम करण्याचा रस्ता मोकळा झाला. विठाबाई त्याच रस्त्यानें आल्या. परंतु त्यांचें काम केवळ नाचणें नव्हतें, हें आपल्यासारख्यांच्या ध्यानांत येत नाहीं.

फडाची बाई गणाच्या वेळीं मागें उभी असते. गौळणींत ती गवळण होते. मावशी आणि पेंद्या यांच्या कोट्यांना तिला तिथल्या तिथें उत्तर द्यावें लागतें. मग लावण्या, त्याही प्रेक्षकांतून फर्माईश येईल त्या. यांत दोन-तीन तास जातात. आणि मग, मध्यरात्र उलटल्यावर, वग उभा राहतो आणि आतांपर्यंत नाचणारी बाई राणी होते, सासुरवाशीण होते, किंवा 'मुंबईची केळेवाली' या वगांतल्यासारखी शहरांतील विक्रेती होते. वगाची संहिता बहुधा लिहिलेली नसे. कथानक ठरलेलें, प्रवेशांचा क्रम ठरलेला. बोलावयाचें तें ज्याचें त्यानें. समोरचा सोंगाड्या आज काय बोलेल हें नायिकेला ठाऊक नसतें. तो तिला हंसवूं पाहतो, अडवूं पाहतो. तिनें न हंसतां त्याच्या शब्दावर शब्द टाकावयाचा आणि कथानकही पुढें न्यावयाचें. समोर हजारोंचा समुदाय, डोक्यावर उघडें आकाश, आणि मागच्या रांगेपर्यंत शब्द पोंचला नाहीं तर शिट्ट्या. पूर्वींच्या काळीं तर ध्वनिक्षेपकही नव्हता. आवाज छातींतून काढावा लागे, आणि मागें उभे असलेले सुरत्ये ओळ उचलून ती लांबवर पोंचवीत. हें काम पहांटेपर्यंत. सकाळीं त्याच गांवीं 'हजेरी'चा दुसरा खेळ, दुपारीं कुस्त्यांचा आखाडा सुरू झाला कीं सामान गाडींत, आणि रात्रीं दुसरें गांव.

यंत्रावर चालणाऱ्या एका नव्या कलेशीं याचें फार साम्य आहे. लंडनच्या बी.बी.सी.नें १९३६ च्या नोव्हेंबरांत दूरचित्रवाणी नियमित सुरू केली. तिच्या आरंभींच्या अनेक वर्षांत नाटकें जशीं घडत तशींच घरोघर दिसत. चूक झाली तर ती झालीच. पुन्हां घेण्याची सोय नाहीं. युद्धानंतरच्या काळांत रविवारीं दाखविलेलें नाटक त्याच आठवड्यांत पुन्हां दाखवावयाचें ठरलें, तर सर्व नटमंडळीनीं परत येऊन तें सारें नव्यानें करावयाचें. पुढें चित्रफीत आली, पण ती महाग. एकावर दुसरें चढवीत. त्या काळांतील कितीतरी गुणी नट केवळ कार्यक्रमपत्रिकेंतील एक ओळ होऊन राहिले आहेत. आपल्याकडे दिल्लीस १९५९ च्या सप्टेंबरांत आणि मुंबईस १९७२ च्या २ ऑक्टोबरला दूरचित्रवाणी आली. त्या नटांविषयीं निदान कार्यक्रमपत्रिका तरी आहे. फडाच्या खेळाची पत्रिका कोण ठेवणार? व्यवस्थापकाच्या वहींत गांवाचें नांव, रक्कम आणि तारीख असते. त्या रात्रीं सोंगाड्याच्या कोणत्या वाक्यावर विठाबाईंनीं कोणतें उत्तर दिलें, हें वहींत नसतें. (मी येथें बोलतों आहें तेंही असेंच हवेंत जावयाचें, छापणारे आहेत म्हणून उरेल, इतकेंच.)

विठाबाईंच्या उमेदवारीच्या काळांत एक मोठें संकट येऊन गेलें. स्वातंत्र्य नुकतेंच मिळालें होतें. बाळासाहेब खेर यांच्या मुंबई सरकारनें १९४८ च्या सुमारास तमाशावर अश्लीलतेच्या कारणानें बंदी घातली. विठाबाई तेव्हां तेरा-चौदा वर्षांच्या होत्या. बंदीच्या बाजूनें बोलणाऱ्यांचा हेतु वाईट होता असें मी म्हणणार नाहीं. कांहीं फडांवर काय चालत असे हें सर्वांना माहीत होतें. परंतु ज्यांना शेतीचा तुकडा नाहीं, गांवांत दुसरा धंदा मिळण्याची आशा नाहीं, अशा शेंकडों कुटुंबांची चूल त्या ढोलकीवर पेटत होती, ही गोष्ट सोंवळ्याच्या हिशेबांत धरली गेली नव्हती. पुढें तमाशा-सुधाराची समिती झाली, महामहोपाध्याय दत्तो वामन पोतदारांसारखे विद्वान त्या कामांत पडले, खेळांची तपासणी सुरू झाली आणि फड पुन्हां उभे राहिले. याच तमाशावाल्यांच्या घरांतील विठाबाईंना १९५७ सालीं राष्ट्रपतींच्या हस्तें गौरव मिळाला. दहा वर्षांच्या आंत एकाच कलेवर आधीं बंदी आणि मग पदक! दुसरा गौरव १९९० सालीं झाला. पहिल्या वेळीं त्या बावीस वर्षांच्या होत्या, दुसऱ्या वेळीं पंचावन्नाच्या.

या दोन पदकांच्या मधल्या काळांत तमाशा सुशिक्षितांच्या घरीं पोंचला. पण तो निराळ्या वाटेनें. १९५९ सालीं अनंत मान्यांचा 'सांगत्ये ऐका' हा बोलपट पुण्याच्या विजयानंद चित्रगृहांत अडीच वर्षांच्या जवळपास चालला. १९६५ सालीं वसंत सबनिसांचें 'विच्छा माझी पुरी करा' आलें आणि दादा कोंडके यांचा हवालदार पाहण्यास नाट्यगृहांत कुटुंबेंच्या कुटुंबें आलीं. तींत गण होता, गौळण होती, बतावणी होती. फक्त फडाचीं माणसें नव्हतीं. मी हें तक्रारीनें सांगत नाहीं. त्या कलाकृति चांगल्या होत्या आणि मीही त्यांना दाद दिली आहे. पण खुर्चीवर बसून टाळ्या वाजवितांना आपण जिच्यावरून ती बेतली ती बाई त्याच रात्रीं कोणत्या गांवच्या माळावर उभी असेल, हा विचार माझ्या तरी मनांत आला नव्हता.

१९७२ हें साल या कथेंत मोठें चमत्कारिक आहे. त्या वर्षीं व्ही. शांताराम यांचा 'पिंजरा' निघाला आणि तमाशांतील बाई रंगीत होऊन शहरोशहरीं झळकली. त्याच वर्षीं मुंबईला दूरचित्रवाणी सुरू झाली आणि पुढील वर्षीं तिचें चित्र पुण्याकडेही येऊं लागलें. आणि त्याच वर्षीं महाराष्ट्रांत असा दुष्काळ पडला कीं लाखों माणसें खडी फोडावयास गेलीं. यात्रेची वर्गणी ही पिकाच्या पोटांतून निघते. पीक नाहीं, वर्गणी नाहीं. वर्गणी नाहीं, सुपारी नाहीं. पडद्यावरचा तमाशा भरास आला असतां मैदानावरच्या तमाशाचा घसा कोरडा पडत होता.

आणखी एक योगायोग. नारायणगांवच्या जवळच आर्वी म्हणून गांव आहे. तेथें याच सुमारास, १९७१ सालीं, परदेशाशीं उपग्रहामार्फत संबंध जोडणारें आपल्या देशाचें केंद्र सुरू झालें. विक्रम साराभाईंचें नांव त्याला मिळालें. समुद्रापलीकडचा आवाज व चित्र त्या मोठ्या थाळीवर उतरूं लागलें. पुढें खोडदच्या परिसरांत रेडिओ दुर्बीण उभी राहिली. गोविंद स्वरूप यांच्या नेतृत्वाखालीं बांधलेल्या त्या दुर्बिणीच्या ४५ मीटर व्यासाच्या ३० थाळ्या आहेत, आणि अब्जावधि वर्षांपूर्वीं निघालेली एखादी क्षीण लहर त्या टिपूं शकतात. हें काम किती मोलाचें आहे तें मला ठाऊक आहे. तरी नारायणगांवच्या चौकांत उभें राहिलें म्हणजे मनांत येतें कीं विश्वाच्या कडेचा आवाज ज्या तालुक्यांत ऐकूं येतो, त्याच तालुक्यांतील राहुटींतला आवाज टिपून ठेवण्यास आपल्याला फार उशीर झाला.

पैशाविषयीं बोलणें अशा भाषणांत शिष्टसंमत नाहीं, परंतु त्यावांचून विठाबाईंची अखेर समजणार नाहीं. फड दसऱ्याच्या सुमारास बाहेर पडतो आणि वैशाखांत परत येतो. फाल्गुनापर्यंत कनाती ठोकून तिकिटावर खेळ, पुढें यात्रांच्या सुपाऱ्या. मोठ्या फडांत शंभराच्या आसपास माणसें असतात : नाचणाऱ्या, वगांतले नट, वादक, स्वयंपाकी, गाड्या हांकणारे, तंबू ठोकणारे. पावसाळ्याचे चार महिने उत्पन्न शून्य. पण पोटें शंभर. म्हणून कलावंत मालकाकडून 'उचल' घेतो आणि ती पुढच्या हंगामांत फेडतो. मालक ती उचल देण्यासाठीं सावकाराकडून जड व्याजानें पैसा काढतो. एक अवकाळी पाऊस, एक साथ, एक दुष्काळ, कीं हिशेब पुढच्या वर्षावर जातो. ज्याच्या नांवाची पाटी, त्याच्याच नांवाचें कर्ज. विठाबाई केवळ नटी असत्या तर कदाचित् कांहीं शिल्लक पडती. त्या फडाच्या मालकीण होत्या. लोक तिकिट काढून ज्यांना पाहावयास येत, त्यांच्याच जिवावर बाकीच्यांची उचल होती. दिवस भरलेल्या बाईला फडावर कां उभें राहावें लागलें, याचें उत्तर शोधावयाचें तर तें त्यांच्या धैर्याइतकेंच या वहींतही शोधावें लागेल. ही गोष्ट ऐकून आपण भारावतों. पण त्या रात्रीं उभें न राहतां येण्याची मोकळीक त्यांना होती का, हें कोणी विचारीत नाहीं.

१५ जानेवारी २००२ रोजीं विठाबाई वारल्या. अखेरच्या आजारांत पैशाची इतकी ओढ होती कीं रुग्णालयाचें देणें दात्यांच्या मदतीनें भागवावें लागलें. राष्ट्रपतींचा गौरव दोनदां लाभलेल्या स्त्रीची ही कथा. पुढें २००६ सालीं महाराष्ट्र शासनानें त्यांच्या नांवानें तमाशाच्या क्षेत्रांतील जीवनगौरव पुरस्कार सुरू केला. तो ज्यांना मिळाला त्यांत त्यांची कन्या मंगला बनसोडे याही आहेत. मंगलाबाईंनीं आपला स्वतंत्र फड उभा केला आणि तो वर्षानुवर्षें चालविला. पुढें त्यांचा मुलगा नितीन हाही त्याच फडावर उभा राहिला. म्हणजे नारायण खुड्यांपासून मोजलें तर ही पांचवी पिढी.

मागें एकदां पाडव्याच्या दिवसांत मी नारायणगांवीं उतरलों होतों. उन्हें चढलीं होतीं. एका राहुटीबाहेर चार-पांच पंच उभे होते. टोप्या, उपरणीं, एकाच्या हातांत पिशवी. आंत भाव चालला होता. तारीख ठरत होती, रक्कम अडली होती. शेवटीं त्यांच्यांतला जो वयानें सर्वांत मोठा होता त्यानें पैशाचा विषय बाजूस सारून विचारलें, "बाकीचें राहूं द्या. वग कोणता लावणार तें सांगा." व्यवस्थापकानें दोन नांवें सांगितलीं. म्हातारबोवांनीं पहिल्या नांवाला मान हलविली नाहीं, दुसऱ्याला हलविली, आणि म्हणाले, "हा लहानपणीं भाऊ-बापूंच्या फडावर पाहिला होता. बोलणारी बाई चांगली पाहिजे बरें." पिशवी उघडली गेली, विसार मोजला गेला. व्यवस्थापकानें वहींत गांवाचें नांव, रक्कम आणि तारीख लिहिली, आणि बाहेरच्या पोराला हांक मारून पंचांसाठीं चहा सांगितला.